टकटक झाली की खोडायचं

४ सप्टेंबर, सोमवार

सगळ्यांनी खोडलं! एकजात सगळ्यांनी!

नव्या शाळेतला पहिला दिवस, पाचवीचा वर्ग. मुलं कुठवर आली आहेत याचा अंदाज यावा म्हणून फळ्यावर एक सोपा भागाकार दिला आणि बाकांमधून चक्कर मारली. पाच-सात वह्या सोडल्या तर उत्तर सगळ्यांचं बरोबर. म्हटलं चला, सुरुवात तरी झकास. टेबलापाशी परत आले. खडूची भुकटी झाडायला तो सवयीने टेबलावर दोनदा आपटला. टक टक. एवढंच.

मागून एकदम खसाखसा आवाज. वळून बघते तर सगळ्या माना खाली आणि सगळ्या हातांत खोडरबर. चांगली बरोबर आलेली उत्तरं खोडत होती! कुणी शेजारच्याकडे बघितलं नाही, कुणी काही विचारलं नाही. जांभई आल्यावर तोंडावर हात जातो ना, तितक्या सहज.

"अरे, का खोडताय?" शेवटी पहिल्या बाकावरची एक धिटुकली म्हणाली, "बाई, तुम्ही वाजवलंत ना." वाजवलं तर काय? तर म्हणे, टकटक झाली की खोडायचं असतं. हे सांगताना माझ्याकडे अशी बघत होती, की एवढं साधं या बाईला माहीत नाही आणि ही आम्हाला गणित शिकवणार!

टेबलामागच्या भिंतीवर सासऱ्यांचा फोटो आहे. जन्मभर याच वर्गात गणित शिकवलं त्यांनी. तास संपेपर्यंत माझी पाठ त्या फोटोकडे होती, आणि पाठीला ते सतत जाणवत होतं.

५ सप्टेंबर

मधल्या सुट्टीत भाषेच्या बाईंना विचारलं. त्या इथल्याच, सासऱ्यांच्याच हाताखाली शिकलेल्या. हसल्या. म्हणाल्या, "मास्तरांची टकटक अजून जिवंत आहे म्हणायची!" अख्खं गाव त्यांना मास्तरच म्हणतं. मीही मनातल्या मनात मास्तरच म्हणत आले.

त्यांची पद्धत अशी. मुलाला फळ्याशी उभं करायचं. त्याने उत्तर लिहिलं, की एक तर म्हणायचे "चूक", खणखणीत आवाजात, नाही तर काहीच न बोलता टेबलावर बोटाने दोनदा वाजवायचे. चेहरा लाल, ओठ घट्ट मिटलेले. "टकटक म्हणजे नीट विचार कर, अजून संधी आहे. चूक म्हणजे कारभार आटोपला," भाषेच्या बाई म्हणाल्या. "आमची तर टकटक ऐकूनच बोबडी वळायची."

पण मास्तर निवृत्त झाले तेव्हा ही पाचवीतली मुलं जन्मलीसुद्धा नव्हती! गेल्या वर्षी मास्तर गेले, म्हणून तर सासूबाई एकट्या नकोत म्हणून आम्ही बाडबिस्तारा उचलून इथे आलो. माणूस गेला, आणि त्याचं बोट वर्गात वाजतंय.

मला ते फारसे भेटलेच नाहीत. आम्ही दूर राहायचो, ते कुठे येत-जात नसत. लग्नानंतर पहिल्यांदा त्यांना जेवायला वाढलं तेव्हाचं आठवतं. एक शब्द बोलले नाहीत. दोन घास खाल्ले आणि ताटाच्या कडेवर वाजवलं. टक टक. मी घाबरून मीठ पुढे केलं. त्यांनी माझ्याकडे बघितलं, मुकाट्याने चिमूटभर मीठ घेतलं, आणि मग मला कळलं की भाजी आधीच खारट होती. तो माणूस तशीच खाऊन उठला! तेव्हापासून माझं ठाम मत, की मी त्यांना पसंत नव्हते.

९ सप्टेंबर

नवीन डस्टर मागायला गेले. शिपाईमामा म्हणाले, "बाई, बाकीच्या शाळांत खडू आधी संपतात. आपल्याकडे डस्टर झिजतात."

१४ सप्टेंबर

शाळेतून येताना ह्यांच्या दुकानात थांबले. ह्यांचं काम काचेचं. आरसे, खिडक्यांच्या काचा, फोटोच्या चौकटी. वर्गातल्या फोटोची चौकटही ह्यांनीच केलेली. धंद्याचं बस्तान अजून बसायचंय, पण जुने शाळासोबती येऊन टेकतात. आज एक आला तो दारातूनच ओरडला, "काय रे पन्नास!" ह्यांना इथे सगळे पन्नासच म्हणतात. का, ते हे सांगत नाहीत. विचारलं की म्हणतात, "असंच, लहानपणीचं."

आज नीट बघितलं. काचेवर हिऱ्याने रेघ ओढली की बाकीचे कारागीर खालून हलकेच ठोकतात, मग काच त्या रेघेवर तुटते. हे ठोकत नाहीत. काच टेबलाच्या कडेला घेतात आणि दोन्ही हातांनी दाबून तोडतात. किती वर्षं बघतेय, कधी डोक्यात आलं नव्हतं! विचारलं, ठोकत का नाही? म्हणाले, "आवाज आवडत नाही." आणि लगेच विषय बदलला.

मापं कधी स्वतः मांडत नाहीत. गिऱ्हाइकाकडूनच लिहून घेतात आणि कागद कापून काचेवर ठेवतात. बेरीज आली की हसून हात वर करतात. "आमच्यात गणित नाही हो." मास्तरांचा एकुलता एक मुलगा!

२३ सप्टेंबर, शनिवार

पालकसभा. डोकं उठलंय.

मी सरळ विषय काढला. मुलं बरोबर उत्तरं खोडतात, टकटक कुठून शिकली? आधी सगळे एकमेकांकडे बघायला लागले. मग एक आई अगदी अभिमानाने म्हणाली, "घरी आम्हीच वाजवतो ना. अभ्यासाला बसलं की मधूनमधून वाजवायचं, म्हणजे पोरं पुन्हा तपासून बघतात. मास्तरांनी आम्हाला असंच घडवलं." घडवलं म्हणे! मी विचारलं, मग तुम्हाला गणित आवडायचं का? हसली. "छे हो! मला तर अजून स्वप्नात फळा दिसतो."

एक वडील म्हणाले, "बाई, गणित रक्तात असावं लागतं. आमच्या घराण्यात नाही, उगाच कशाला मारून मुटकून?" दुसऱ्या म्हणाल्या, मुलीला हिशेबापुरतं आलं तरी पुष्कळ. त्यांची मुलगी म्हणजे तीच पहिल्या बाकावरची धिटुकली. वर्गात तिच्याइतकं चटकन कुणाला समजत नाही! आईशेजारी मान खाली घालून बसली होती.

मला राग आला. म्हटलं, तुम्ही सगळे शिकलेसवरलेले, एक साधा गुणाकार विचारते, सांगा बरं. आणि विचारला. वर्गभर मोठी माणसं, मुलांच्या बाकांत गुडघे अडकवून बसलेली, आणि एकाच्याही तोंडून आवाज नाही! उत्तर येत नव्हतं असं नाही. ओठ हलत होते. सगळे माझ्या मागे बघत होते. फोटोकडे.

जाताना भाषेच्या बाई म्हणाल्या, "आमच्या वर्गात एकच पोरगा होता, टकटक झाली तरी न खोडणारा. हट्टी! तसाच उभा राहिला." मग मास्तरांनी काय केलं? "काही नाही. त्याच्या हातून खडू घेतला आणि त्याला जागेवर पाठवलं. आम्ही म्हटलं, सुटला नशिबाने. आता मोठा इंजिनिअर झालाय तो."

२४ सप्टेंबर

खडू झाडायचा नाही. अंगठी काढून ठेवायची. चपला बदलायच्या, टाचा वाजतात.

२८ सप्टेंबर

आज जे झालं ते कुणाला सांगायची सोय नाही.

शाळा सुटली होती, वर्गात मी एकटीच. उद्याची उदाहरणं फळ्यावर मांडून बघत होते. वारा सुटला आणि खिडकीचं दार चौकटीवर आपटलं. टक टक. मी भानावर आले तेव्हा माझा तळवा पांढरा झालेला होता. उत्तर पुसलं होतं मी! बरोबर उत्तर! मी, जी या शाळेत शिकलेली नाही, या गावातली नाही, जिने त्या माणसाची टकटक जेवणाच्या ताटापलीकडे कधी ऐकली नाही.

कितीतरी वेळ हात धूत होते. फोटोकडे बघायचं नाही असं ठरवलं, आणि बघितलंच. मिटलेले ओठ. आता उघडतील आणि "चूक" म्हणतील असं वाटलं. भुतावर माझा विश्वास नाही. पण या वर्गात शिकवायला मी एकटी नसते, हे मात्र खरं.

घरी आले तर स्वयंपाकघराच्या खिडकीची कडीही वाऱ्याने तशीच वाजत होती. हे जेवता जेवता थबकले. मी थबकले. आणि आई, म्हणजे सासूबाई? त्या हसल्या! कडी वाजली की त्यांचा चेहरा एकदम सैल पडतो, कुणी ओळखीचं दारात आल्यासारखा. मी याआधीही बघितलंय हे. ज्या आवाजाने गावाची गाळण उडते त्यावर ही बाई हसते कशी? इतकी वर्षं त्या माणसाशी संसार केला त्यांनी. डोक्यावर परिणाम झाला नसेल ना!

३ ऑक्टोबर

चिमी खोडायला लागली.

माझी लेक चिमी! बोलायला लागली तेव्हापासून जिला आकड्यांचं वेड! जिने फरशा मोजून खोलीचं क्षेत्रफळ स्वतःच शोधलं आणि ते सांगायला मला अंघोळीतून ओढून बाहेर काढलं, ती! चौथीच्या बाईंची चिठ्ठी आली आहे. "वही बहुतांशी कोरी. उत्तरे खोडलेली. सतरा तारखेच्या चाचणीनंतर कच्च्या गटात घालावे लागेल." या शाळेत चौथीतच गट पाडतात. पक्का गट, कच्चा गट. एकदा कच्च्यात गेलेलं मूल शाळा सुटेपर्यंत कच्चंच राहतं, तसा शिरस्ताच आहे. कच्च्या गटाला बीजगणित शिकवत नाहीत, भूमिती शिकवत नाहीत. मूल मोठं होतं आणि पालकसभेत येऊन म्हणतं, आमच्या घराण्यात नाही.

चिमीला जवळ घेऊन विचारलं. "अगं, शेजारची सगळी खोडतात. मीच नाही खोडलं तर?" मग हळूच, "मी बाबांवर गेलेय ना आई?"

ह्यांच्याशी कडाक्याचं भांडण. हे म्हणतात, "जाऊ दे तिला कच्च्या गटात. तिथे फळ्याशी उभं करत नाहीत. सुखाने राहील." सुखाने! मी म्हटलं, तुम्ही राहिलात का सुखाने? ताडकन उठून गेले. बोलायला नको होतं. पण मी गप्प राहिले तर माझी मुलगी डोळ्यांदेखत पुसली जाईल.

६ ऑक्टोबर

स्वयंपाकघरातल्या खिडकीची कडी चिंधीने घट्ट बांधून टाकली. चिमी तिथेच अभ्यासाला बसते. निदान घरात तरी शांतता.

संध्याकाळी बघते तर चिंधी सोडून, नीट घडी करून ठेवलेली. आईंनी सोडली! म्हटलं, आई, पोरगी त्या आवाजाला भिते हो. तर म्हणाल्या, "वाजू दे गं. मला सोबत वाटते." वर म्हणतात, "त्यात भिण्यासारखं काय आहे?" मी कपाळावर हात मारून घेतला. घर फिरलं की घराचे वासेही फिरतात म्हणतात, ते असं.

११ ऑक्टोबर

आज हे बोलले. आपणहून. दुकान बंद करून आले, चिमीच्या वहीतली ती खोडलेली पानं चाळत बसले आणि एकदम म्हणाले, "पन्नास का म्हणतात, सांगू?"

सहावीत होते. मास्तर वर्गात वडील नव्हते, मास्तरच होते. ह्यांना फळ्याशी बोलावलं. गणित होतं हौदाचं. एक नळ हौद वीस मिनिटांत भरतो, दुसरा तीस मिनिटांत, दोन्ही एकदम सोडले तर किती मिनिटं? ह्यांनी लिहिलं, बारा. टक टक. ह्यांनी खोडलं. घाईघाईने लिहिलं, पंचवीस. "चूक." घाम फुटला. दोन्ही आकड्यांची बेरीज करून लिहिलं, पन्नास. वर्ग फुटला हसून! दोन नळ मिळून एका नळापेक्षा जास्त वेळ घेणार! "चूक. जा जागेवर." त्या दिवसापासून पन्नास.

मी मनात मांडलं. एका मिनिटात एक विसांश आणि एक तिसांश, म्हणजे एक बारांश. बारा! पहिलंच उत्तर बरोबर होतं!

"माहीत आहे," हे म्हणाले. "दुसऱ्या दिवशी एका मुलाने सांगितलं. म्हणूनच तर सोडलं गणित. चुकलो असतो तर पुन्हा शिकलो असतो. पण बरोबर येऊनही ज्यांना चालत नाही, त्यांच्यापुढे काय करायचं? मला वाटलं, माझं बरोबर आलेलं त्यांना नकोच आहे." मग वहीचं पान उलटत, "त्या संध्याकाळी माझ्या खोलीच्या दारावरही वाजवलं त्यांनी. टक टक. मी पांघरूण डोक्यावर ओढलं. म्हटलं, आता आणखी काय राहिलंय?"

केस पिकायला लागलेला माणूस, आणि सांगताना डाव्या हाताने टेबल पुसत होता. तिथे काही नव्हतं. पुसतच होता. मला रडू आलं.

१२ ऑक्टोबर

वर्गातला फोटो भिंतीकडे तोंड करून टांगला. मुलांनी बघितलं. शिकवताना पाठ तरीही भाजत होती.

१३ ऑक्टोबर

शिपाईमामांनी फोटो परत सरळ केला. "बाई, असं करू नये." पोटच्या पोराचं बरोबर उत्तर खोडायला लावणारा माणूस! आईंना एकदा तोंडावर विचारणार आहे. तुम्ही इतकी वर्षं बघत बसलात?

१५ ऑक्टोबर, रविवार

विचारावं लागलं नाही.

दुपारची जेवणं चालली होती. चिमी ताटाशेजारी वही उघडून, परवाच्या चाचणीसाठी. तिने एक उत्तर लिहिलं, मी समोरून उलटं वाचलं, बरोबर होतं. तेवढ्यात खिडकीची कडी. टक टक. चिमीने खोडरबर उचललं, आणि आई ओरडल्या, "अगं, खोडतेस काय? बरोबर म्हणतायत ना ते!"

मग आईच सांगायला लागल्या, ताटाकडे बघत. "अडखळायचे ते. 'ब' फुटायचाच नाही. 'चूक' यायचं, 'जा' यायचं. 'बरोबर' म्हणायला गेले की ओठ मिटले ते मिटलेच, तोंड लालबुंद. आधीच्या शाळेत पोरं नकला करायची, ती नोकरीच सोडली. इथे आले ते ठरवून, की भ्यायली तर भिऊ देत, हसायला नकोत. मग कमीच बोलायचे. बरोबर आलं की नुसतं वाजवायचे. जेवण आवडलं की ताटावर वाजवायचे. मला शपथ घातली होती, कुणाला म्हणून सांगायचं नाही, पोरालासुद्धा. पोरं त्यावर खोडायला लागली, तेव्हा ते सांगण्याची वेळ गेली होती." मग ह्यांच्याकडे वळून, "त्या दिवशी जेवले नाहीत रे. मागच्या दारी उभे राहून तो एक शब्द जुळवत होते. जमेना, म्हणून तुझ्या दारावर वाजवलं. तू उघडलं नाहीस."

आणि मी मीठ दिलं होतं!

हे घास हातात धरून बसले होते. तो ताटात ठेवून म्हणाले, "बारा."

आईंनी ताटाच्या कडेवर नखाने दोनदा वाजवलं.